अजिंक्यपदाचे सोळा आणे

२१ मे २०१७ रोजीं हैदराबाद येथें आय. पी. एल. क्रिकेटचा अंतिम सामना पुणें व मुंबई ह्या दोन शहरांच्या संघांत झाला. त्या हंगामांत पुण्यानें मुंबईस तोंवर तीनदां नमविलें होतें: साखळींतील दोन्ही सामन्यांत, आणि मागाहून बाद फेरीच्या आरंभीं खुद्द वानखेडे मैदानावर, वीस धावांनीं. चौथ्या भेटींत मुंबईस अवघ्या १२९ धावा करतां आल्या. पुण्याचा ऑस्ट्रेलियन कर्णधार स्टीव्ह स्मिथ अर्धशतक करून शेवटच्या षटकांत बाद झाला आणि पुण्याचा डाव १२८ वर थांबला. एका धावेनें अजिंक्यपद मुंबईस गेलें. पुण्याचा संघ दोनच हंगामांपुरता उभा राहिलेला होता. त्याला पुन्हा संधि अशी मिळालीच नाहीं. त्या रात्रीं पुण्यांतील पुष्कळ घरांतून एकच तक्रार ऐकूं आली असेल: जो तीनदां हरला, त्याला अंतिम सामन्याचें दार उघडलें तें कोणत्या न्यायानें?

न्याय होता, आणि त्या न्यायास वंशावळहि आहे. गुणतक्त्यांतील पहिल्या दोन संघांस एक पराभव माफ करावयाचा, ही तरतूद आय. पी. एल.नें २०११ सालीं उचलली. परंतु तिचा जन्म क्रिकेटांत झालेला नाहीं. ती १९३१ सालीं ऑस्ट्रेलियांतील मेलबर्न शहरीं फुटबॉलसाठीं योजिली गेली. ज्या वादाचा निकाल लावण्यासाठीं ती निघाली, तो त्यापूर्वीं चौतीस वर्षें चालत आला होता व त्यानंतरहि मिटलेला नाहीं. सबंध हंगामभर केलेल्या श्रमाची किंमत अधिक धरावयाची, कीं एका दुपारच्या पराक्रमाची? इंग्लंडांतील फुटबॉल लीगनें हा प्रश्न गुणतक्त्यावर सोंपवून दिला: सर्वांनीं सर्वांशीं खेळावें, व ज्याचे गुण अधिक भरतील तो विजेता. हिशेब चोख, परंतु कित्येकदां असें होतें कीं विजेता कोण हें हंगाम संपण्याच्या महिनाभर आधींच ठरून जातें आणि उरलेले सामने तेराव्याच्या जेवणासारखे उरकले जातात. ऑस्ट्रेलियन लोकांस हें कोरडें उत्तर मानवलें नाहीं. निकाल आपल्या डोळ्यांदेखत, ठरल्या दिवशीं, भरल्या मैदानावर लागावा असा त्यांचा आग्रह. आणि तरीहि ज्यानें हंगामभर घाम गाळला त्याच्यावर अन्याय होऊं नये, हीहि त्यांची इच्छा. ह्या दोन्ही गोष्टी एकत्र नांदविण्याच्या खटाटोपाचा इतिहास मला मोठा मनोरंजक वाटतो.

प्रथम एक खुलासा केला पाहिजे. ऑस्ट्रेलियांत ‘फुटबॉल’ ह्या एका शब्दाखालीं निरनिराळे खेळ मोडतात. मेलबर्नचा खेळ त्या शहराचा स्वतःचा आहे. त्याचे नियम १८५९ सालीं लिहिले गेले. तो क्रिकेटच्या विस्तीर्ण, लंबगोल मैदानावर खेळतात, आणि चेंडूहि लंबगोलच असतो. मैदानाच्या दोन्ही टोकांस चार-चार खांब उभे असतात. मधल्या दोन खांबांमधून चेंडू लाथाडला तर गोल, त्याचे सहा गुण. बाजूच्या फटींतून गेला तर ‘बिहाइंड’, त्याचा गुण एक. म्हणजे नेम थोडक्यानें चुकल्याबद्दलहि ह्या खेळांत अल्पसें बक्षीस आहे. सिडनी शहराचें प्रेम निराळें. तेथें रग्बीचें राज्य, आणि १९०८ पासून विशेषेंकरून तेरा गड्यांच्या रग्बी लीगचें.

१८९६ च्या अखेरीस मेलबर्न व आसपासचे आठ क्लब जुन्या संघटनेंतून फुटून निघाले व त्यांनीं व्हिक्टोरियन फुटबॉल लीग स्थापिली. पहिल्याच वर्षीं, म्हणजे १८९७ सालीं, असें ठरलें कीं साखळींतील पहिल्या चार संघांनीं पुन्हा एकमेकांशीं खेळावें. एसेंडननें अजिंक्यपद मिळविलें. मेलबर्नविरुद्धच्या निर्णायक सामन्यांत उभय पक्षांनीं मिळून एकच गोल केला होता. पुढल्याच वर्षीं व्यवस्था बदलून सेंट किल्डा येथील जंक्शन ओव्हल मैदानावर फिट्झरॉय व एसेंडन ह्यांच्यांत एकच अखेरची लढत झाली. ती फिट्झरॉयनें जिंकली. ‘ग्रँड फायनल’ म्हणून जिची गणना होते ती पहिली लढत हीच.

ह्यानंतरचीं दोनचार वर्षें फेरफारांत गेलीं व १९०२ पासून ‘आर्गस’ ह्या मेलबर्नच्या वृत्तपत्राच्या नांवानें ओळखली जाणारी पद्धति सुधारलेल्या स्वरूपांत स्थिरावली. तीत पहिला संघ तिसऱ्याशीं व दुसरा चौथ्याशीं खेळे, आणि दोघे विजेते एकमेकांशीं भिडत. साखळींत अग्रस्थानीं असलेला संघ दोन्ही सामने जिंकला, तर हंगाम तेथेंच संपला. परंतु तो वाटेंत कोठेंहि हरला तर त्याला आव्हानाचा हक्क असे: जो कोणी जिंकून आला असेल त्यानें आतां आमच्याशीं आणखी एकदां खेळावें, आणि तेंच अखेरचें! आपल्याकडील वकील मंडळींस हें पाहून खचित गंमत वाटेल. हरलेल्या पक्षकारास अपील असतें हें आपण जाणतों. परंतु येथें अपिलाचा हक्क चौघांपैकीं एकालाच, व त्या अपिलावर पुन्हा अपील नाहीं.

हा हक्क किती मोठा होता हें जुन्या रुपयाच्या हिशेबानें पाहूं. चारहि संघ समबळ आहेत असें धरा आणि अजिंक्यपदाचा रुपया त्यांच्यांत संधीच्या प्रमाणांत वांटा. अग्रस्थानच्या संघाला दोन्ही सामने सरळ जिंकण्याची संधि चार आण्यांची. उरलेल्या बारा आण्यांच्या प्रसंगीं तो आव्हान देणार, व त्यांतील निम्म्या वेळीं जिंकणार. म्हणजे सहा आणे. एकूण दहा आणे झाले. बाकीच्या तिघांच्या वाट्यास दोन-दोन आणे आले. हंगामभराच्या श्रमाचा एवढा मान पुढें कोणत्याहि पद्धतीनें ठेविला नाहीं.

त्या हक्काचें तेज आणि त्यांतील किड, दोन्ही कॉलिंगवुड क्लबाच्या चरित्रांत दिसतात. ह्या क्लबानें १९२७ ते १९३० अशीं ओळीनें चार वर्षें अजिंक्यपद मिळविलें. १९२९ सालीं त्यानें साखळींतील अठराच्या अठरा सामने जिंकले. नंतर उपांत्य सामन्यांत रिचमंडनें त्याचा बासष्ट गुणांनीं धुव्वा उडविला. एखाद्या निर्दय पद्धतींत कॉलिंगवुडचा हंगाम तेथेंच मातींत गेला असता. परंतु आव्हानाचा हक्क हाताशीं होता. ग्रँड फायनलमध्यें त्यानें त्याच रिचमंडला एकोणतीस गुणांनीं हरविलें. पुढल्या वर्षीं पुन्हा तोच प्रकार! गीलाँगनें कॉलिंगवुडला हरविलें, कॉलिंगवुडनें आव्हान दिलें, आणि आव्हानाचा सामना तीस गुणांनीं जिंकला. अठरा सामने न हरणाऱ्यास एका वाईट दुपारची क्षमा मिळावी हें कोणासहि पटेल. परंतु क्षमा आधींच खिशांत असली म्हणजे पाप करण्याची भीति उरत नाहीं. आणखी एक सामना म्हणजे तिकिटांचें आणखी उत्पन्न. तेव्हां अग्रस्थानचा संघ मुद्दाम तर हरत नसेल ना, अशी कुजबूज होण्यास ही पद्धति जागा ठेवीत असे. शिवाय शेवटचा सामना कोणता हें तो संपेपर्यंत कोणास ठाऊकच नसे. शनिवारीं आपण पाहतों आहों ती अखेरची लढत कीं तिची रंगीत तालीम, ह्या संभ्रमांत प्रेक्षक घरीं परतत.

मध्यंतरीं १९२४ सालीं लीगनें एकवार १८९७ चा प्रयोग पुन्हा करून पाहिला. चौघांनीं परस्परांशीं खेळावें असें ठरलें. शेवटच्या सामन्यांत रिचमंडनें एसेंडनला हरविलें, आणि अजिंक्यपद मिळालें एसेंडनला! हिशेबाच्या दृष्टीनें त्यांत कांहीं चूक नव्हती. पण हरून मैदानाबाहेर येणाऱ्या विजेत्याचा जयजयकार कोणत्या तोंडानें करावयाचा? पुढल्या वर्षीं जुनी पद्धति परत आली.

ह्या गुंत्यांतून वाट काढली ती केनेथ मॅकिन्टायर नांवाच्या वीस-एकवीस वर्षांच्या तरुणानें. रिचमंडचे कारभारी पर्सी पेज ह्यांचें नांवहि त्या योजनेस चिकटलेलें आहे. क्रिकेटमध्यें व इतर खेळांत ती पेज ह्यांच्याच नांवानें ओळखली जाते. मॅकिन्टायर पुढें वकील झाले. १९७७ सालीं त्यांनीं ‘द सीक्रेट डिस्कव्हरी ऑफ ऑस्ट्रेलिया’ हा ग्रंथ लिहून असा पक्ष मांडला कीं कॅप्टन कुकच्या अडीचशें वर्षें आधीं, म्हणजे गोवें घेतल्यावर दहा-पंधरा वर्षांतच, पोर्तुगीज गलबतें ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यास जाऊन आलीं होतीं. बहुतेक इतिहासकारांनीं तो पक्ष मान्य केला नाहीं. त्यांचें दुसरें अपत्य मात्र जगभर पसरलें, आणि गोव्यापासून फार दूर नसलेल्या पुण्याच्या कपाळीं तें २०१७ सालीं आलें!

१९३१ ची योजना अशी. तिसरा व चौथा संघ एकमेकांशीं खेळतात. हरेल तो घरीं जातो. पहिला व दुसरा एकमेकांशीं खेळतात; जिंकेल तो सरळ ग्रँड फायनलमध्यें जातो, हरेल त्याला तिसऱ्या-चौथ्यांतील विजेत्याशीं खेळून आपली जागा पुन्हा मिळवावी लागते. सामने चार, ना कमी ना अधिक. आणि चौथा सामना हा अखेरचा, हें साऱ्या शहरास आधींच ठाऊक. मुद्दाम हरण्यांत आतां कांहीं फायदा उरला नाहीं, उलट एक आठवड्याची विश्रांति गमवावी लागते. पूर्वीच्याच रुपयानें मोजलें तर पहिल्या दोन संघांस सहा-सहा आणे व खालच्या दोघांस दोन-दोन आणे पडतात. योजना सुबक आहे ह्यांत शंका नाहीं. परंतु अग्रस्थानाचे दहा आण्यांचे सहा झाले, व दुसऱ्या क्रमांकाचे दोनाचे सहा झाले, ही गोष्ट त्या सुबकपणांत झांकून जाते. पहिला आणि दुसरा ह्यांतील अंतर मॅकिन्टायरनें पुसून टाकलें. पहिल्या वर्षीं ग्रँड फायनल गीलाँगनें जिंकली व हरलें तें रिचमंड, म्हणजे पेज ह्यांचाच क्लब.

सिडनीकडे हाच वाद अधिक रांगड्या रीतीनें चालला. १९०९ सालीं रग्बी लीगचा अंतिम सामना साउथ सिडनी व बालमेन ह्यांच्यांत व्हावयाचा होता. परंतु त्या दिवशींचें मुख्य आकर्षण म्हणून लीगनें दुसराच सामना ठेविला होता: नुकतेच पैशांसाठीं रग्बी युनियन सोडून आलेले वॉलबीज विरुद्ध लीगचे कांगारू. अजिंक्यपदाची लढत त्याआधींचा किरकोळ खेळ म्हणून उरकावयाची! बालमेनला हा अपमान वाटला व तो संघ मैदानांत उतरला नाहीं. दोन्ही क्लबांनीं मिळून बहिष्कार घालण्याचें ठरलें होतें, असें बालमेनचें म्हणणें. साउथ सिडनीनें तें नाकारलें. साउथ सिडनीचे खेळाडू आले, समोर कोणी नसतां त्यांनीं चेंडू मारला, उचलला, रेषेपार नेऊन टेंकविला, आणि अजिंक्यपद घेतलें. ह्या प्रसंगाची आढी दोन्ही क्लबांत कित्येक पिढ्या राहिली. पुढें बरींच वर्षें सिडनीनें गुणतक्त्यावरच भिस्त ठेविली. परंतु १९२५ सालीं साउथ सिडनी एकहि सामना न हरतां इतका पुढें गेला कीं हंगामच आवरता घ्यावा लागला. लगेच १९२६ पासून पहिल्या चौघांची बाद फेरी आली. आव्हानाचा हक्क तेथें मेलबर्नपेक्षां अधिक काळ टिकला, आणि १९५४ पासून ग्रँड फायनल सक्तीची झाली. गोल चेंडूचा फुटबॉलहि त्या देशांत गेल्यावर ह्या संवयीपासून सुटला नाहीं. २००५ मध्यें सुरू झालेल्या ए-लीगनें गुणतक्त्याच्या अग्रस्थानास एक थाळी दिली, पण ‘चॅम्पियन’ हें नांव ग्रँड फायनलच्या विजेत्यासाठीं राखून ठेविलें. मेलबर्नच्या खेळांत तर साखळींतील पहिल्या संघास ‘मायनर प्रीमियर’, म्हणजे धाकटा अजिंक्य, असें म्हणतात. नांवांतच निकाल आला.

असा सर्व मान एका दिवसास दिल्यावर तो दिवसच निकाल देण्यास नाकारील तर काय करावयाचें? मेलबर्नला हा प्रश्न तीनदां पडला. १९४८ सालीं साखळींत अग्रस्थानीं असलेल्या एसेंडननें मेलबर्नविरुद्ध ७ गोल व २७ बिहाइंड केले. एकूण गुण ६९. मेलबर्नचे १० गोल व ९ बिहाइंड, एकूण ६९! चौतीस वेळां नेम धरून सत्तावीस वेळां चुकणाऱ्या संघास काय म्हणावें? खेळावर त्याचें वर्चस्व होतें हें आंकडेच सांगतात, आणि वर्चस्व म्हणजे विजय नव्हे हेंहि तेच सांगतात. एका आठवड्यानें सामना पुन्हा झाला व मेलबर्ननें तो ८९ विरुद्ध ५० असा सहज जिंकला. १९७७ सालीं पाळी आली कॉलिंगवुडची. आधल्या वर्षीं हा क्लब आपल्या इतिहासांत प्रथमच अगदीं तळाशीं गेला होता. एका वर्षांत तो तळावरून अग्रस्थानीं आला. तीन चतुर्थांश खेळ संपला तेव्हां नॉर्थ मेलबर्नवर त्याची सत्तावीस गुणांची आघाडी होती. ती विरघळली, आणि शेवटच्या क्षणीं रॉस डन ह्यानें गोल केला म्हणून ७६ विरुद्ध ७६ अशी बरोबरी तरी झाली. पुढल्या शनिवारीं नॉर्थ मेलबर्न जिंकलें.

तिसरी बरोबरी २०१० सालची. कॉलिंगवुड व सेंट किल्डा, ६८ विरुद्ध ६८. ह्या प्रसंगाचें दुःख कळण्यास चव्वेचाळीस वर्षें मागें गेलें पाहिजे. १९६६ सालीं ह्याच दोन क्लबांच्या ग्रँड फायनलमध्यें गुण समान असतां सेंट किल्डाच्या बॅरी ब्रीन ह्याची लाथ धड बसली नाहीं व चेंडू घरंगळत बाजूच्या फटींतून गेला: एक बिहाइंड, एक गुण, आणि ७४ विरुद्ध ७३ असें सेंट किल्डाचें पहिलें अजिंक्यपद. २०१० पर्यंत त्या क्लबास दुसरें लाभलें नव्हतें. आतां पुन्हा शेवटचीं मिनिटें होतीं, कॉलिंगवुड एका गुणानें पुढें होतें, आणि सेंट किल्डाचा स्टीफन मिल्न गोलासमोर टप्पा घेणाऱ्या चेंडूमागें धांवत होता. सरळ टप्पा पडता तर चेंडू त्याच्या हातीं येता. लंबगोल चेंडूनें आपला धर्म पाळला. तो भलत्याच दिशेस उडाला व बाजूच्या फटींतून गेला. एक बिहाइंड. ज्या एका गुणानें १९६६ सालीं जिंकविलें, त्या एका गुणानें ह्या वेळीं बरोबरीपुरतेंच पोंचविलें. पुनःसामन्यांत कॉलिंगवुड छप्पन्न गुणांनीं जिंकलें. त्यानंतर २०१६ सालीं लीगनें पुनःसामन्याची चालच बंद केली. बरोबरी झाल्यास त्याच दिवशीं जादा वेळ खेळून निकाल लावावा असें ठरलें. निकाल त्याच संध्याकाळीं लागतो, हें सर्वांच्या सोयीचें झालें. मला मात्र ती जुनी चाल गेल्याची हळहळ वाटते. दोन संघांनीं दिवसभर झुंजून कोणीच हरलें नाहीं असें घडलें, तर तें मान्य करण्याचा मोठेपणा तीत होता.

इकडे रुपयाची वाटणी चालूच होती. क्लब वाढले, तसे बाद फेरींत बसणारेहि वाढले: १९७२ सालीं पांच, १९९१ सालीं सहा, १९९४ सालीं आठ. ह्या तिन्ही योजनांस मॅकिन्टायरचेंच नांव आहे. आठांची त्यांची योजना मात्र लोकांस कधीं नीट उमगली नाहीं, आणि २००० सालीं लीगनें ती टाकून आठांचीच सोपी योजना घेतली. तीत पहिल्या चौघांस एक पराभव माफ, खालच्या चौघांस तो नाहीं. पुन्हा समबळाचा हिशेब करा: वरच्या चौघांस तीन-तीन आणे, खालच्यांस एक-एक आणा. आव्हानाच्या काळीं ज्याच्या मुठींत दहा आणे होते, त्या अग्रस्थानाचे तीन उरले. आणि पांचव्यापासून आठव्यापर्यंतच्या ज्या संघांस पूर्वीं दाराशींहि उभें करीत नसत, त्यांच्या हातावर एकेक आणा पडला.

त्या आण्याची कथा २०१६ सालीं घडली. वेस्टर्न बुलडॉग्ज हा मेलबर्नच्या पश्चिम भागांतील, मूळचा फुट्सक्रे नांवाचा क्लब. १९५४ सालीं त्यानें एकवार अजिंक्यपद मिळविलें होतें, तें शेवटचें. बासष्ट वर्षांनीं साखळींत सातवा येऊन तो बाद फेरींत शिरला. त्याचा कर्णधार बॉब मर्फी हंगामाच्या आरंभींच गुडघा दुखावून बाहेर बसला होता. संघानें पर्थला जाऊन तेथल्या संघास हरविलें, मेलबर्नांत हॉथॉर्नला हरविलें, सिडनीस जाऊन ग्रेटर वेस्टर्न सिडनीला सहा गुणांनीं हरविलें, आणि ग्रँड फायनलमध्यें साखळींत अग्रस्थानीं आलेल्या सिडनी स्वान्सना ८९ विरुद्ध ६७ असें नमविलें. सातव्या क्रमांकावरून अजिंक्यपद त्यापूर्वीं कोणीहि मिळविलें नव्हतें.

पदकें दिलीं जातात तीं त्या दिवशीं मैदानांत खेळलेल्या खेळाडूंस व त्यांच्या शिक्षकास. शिक्षक ल्यूक बेव्हरिज ह्यांनीं आपलें पदक घेतलें, मग मर्फीला मंचावर बोलाविलें, आणि तें स्वतःच्या गळ्यांतून काढून त्याच्या गळ्यांत घातलें.